व्हीएस कोडसाठी गिटचं प्लगइन निवडताना

अंधेरीतल्या आमच्या टीमसाठी व्हीएस कोड या कोड एडिटरमध्ये गिटचं, म्हणजे कोडमधल्या बदलांचा इतिहास ठेवणाऱ्या साधनाचं, कोणतं प्लगइन ठेवायचं, हे ठरवायचं काम माझ्याकडे होतं. सुरुवातीला मी गिटशी संबंधित सगळी प्लगइन बंद केली. एडिटरमध्ये मुळात काय आहे हे पाहिल्याशिवाय बाहेरून काय आणायचं ते ठरत नाही.

मुळात बरंच आहे. बदल निवडणं (स्टेज), ते इतिहासात नोंदवणं (कमिट), कामाची वेगळी शाखा (ब्रँच) बदलणं जुनंच. 2022 मध्ये एकाच जागी दोघांचे बदल भिडले (कॉन्फ्लिक्ट) तर ते जुळवायला तीन बाजूंचा मर्ज एडिटर आला, 2024 मध्ये कमिटचा ग्राफ आणि 2025 च्या सुरुवातीला ओळीशेजारी ब्लेम, म्हणजे ती ओळ शेवटी कोणी आणि कधी बदलली याची नोंद. त्यामुळे नुसत्या ग्राफसाठी गिट ग्राफ हे प्लगइन टाकायचं कारण मला उरलेलं दिसलं नाही.

गिटलेन्स हे प्लगइन मात्र मी ठेवलं, ते एका कामासाठी. एखादी ओळ आत्ता कोणी बदलली एवढ्यावर भागत नाही; त्या बदलाच्या आधी ती कशी होती, त्याच्याही आधी कशी, असं एकेक पायरी मागे जावं लागतं. जुन्या कोडमधला बग शोधताना हे फार मोलाचं आहे. फंक्शनच्या डोक्यावर नावं दाखवणारं कोडलेन्स बंद करा, वाचताना अडथळा होतो. एडिटरचा ब्लेम आणि गिटलेन्सचा, यातला एकच चालू ठेवा, नाहीतर ओळीशेवटी दोनदा तेच दिसतं. खाजगी रिपॉझिटरीत (प्रोजेक्टच्या गिट साठ्यात) गिटलेन्सच्या कमिट ग्राफला पैसे पडतात, हे आधीच टीमला सांगून ठेवा.

पण प्लगइन कुठलंही असो, ब्लेम खोटा वाटायला लागतो तो फॉरमॅटरमुळे, म्हणजे कोडची मांडणी आपोआप नीट करणाऱ्या साधनामुळे. एका कमिटमध्ये सगळा प्रोजेक्ट फॉरमॅट झाला, की प्रत्येक ओळीवर त्याच माणसाचं नाव. गिट 2.23 पासून यावर उपाय आहे: अशा कमिटचे पूर्ण 40 अक्षरी हॅश (कमिटचे ओळख क्रमांक) एका फाइलमध्ये ओळीला एक असे लिहायचे आणि 'ब्लेम.इग्नोअररेव्ह्जफाइल' या कॉन्फिगमध्ये त्या फाइलचं नाव द्यायचं. छोटा हॅश चालत नाही. हे कॉन्फिग ग्लोबल ठेवू नका, कारण ज्या रिपॉझिटरीत ती फाइल नाही तिथे ब्लेम थेट एरर देऊन थांबतो.

प्रोजेक्ट उघडताच बदल फार असल्याची सूचना आली, तर प्लगइनला दोष देण्याआधी नोड मॉड्यूल्सचा, म्हणजे बाहेरून उतरवलेल्या लायब्ररींचा, फोल्डर बघा. एडिटरची मर्यादा डीफॉल्टनं 10,000 बदलांची आहे. फोल्डर आधीच गिटच्या नोंदीत आला (ट्रॅक झाला) असेल, तर गिटइग्नोर या वगळायच्या फाइलींच्या यादीत नाव घालून काही होत नाही. 'गिट आरएम -आर --कॅश्ड' चालवून तो गिटच्या नोंदीतून काढावा लागतो.

ऑटोफेच, म्हणजे सर्व्हरवरचे नवे बदल आपोआप आणणं, चालू केलं, तर दर 180 सेकंदांनी सर्व्हरशी बोलणं होतं. लोकल ट्रेनमध्ये मोबाइलच्या हॉटस्पॉटवर काम करणाऱ्यांनी ते बंदच ठेवावं.

ठरल्यावर प्रोजेक्टच्या एक्स्टेन्शन्स फाइलमध्ये गिटलेन्स शिफारशीत लिहिलं आणि गिट ग्राफ नको असलेल्यांच्या यादीत. ती फाइल कमिट केली, की नव्या माणसाला प्रोजेक्ट उघडल्यावर एडिटरच विचारतो.