भावाचा जामीन आणि माझी पिग्मीची डायरी

21 किलो 400 ग्रॅम. झोपेतून उठवून विचारलं तरी हा आकडा मी सांगेन.

धाकटा भाऊ टेम्पोवर क्लीनर होता. सप्टेंबर 2020 मध्ये कांदा घेऊन विशाखापट्टणमकडे गेलेली गाडी नारळ भरून परत येत होती. आमच्या जिल्ह्यात नाकाबंदीला अडवली आणि नारळाखालून गांजाचं एक पोतं निघालं. ड्रायव्हर आणि भाऊ, दोघंही आत. वजनकाटा शेजारच्या किराणा दुकानातून आणला, असं पंचनाम्यातच लिहिलंय. पोतं होतं तसं काट्यावर ठेवलं. बारदान, काड्या, पाला, सगळं धरून 21 किलो 400 ग्रॅम.

गांजा 1 किलोपर्यंत असला तर अल्प प्रमाण, 20 किलोच्या वर गेला की व्यापारी प्रमाण. म्हणजे वरच्या 1,400 ग्रॅममध्ये आमचं सगळं घर अडकलं. एनडीपीएस, म्हणजे अंमली पदार्थांच्या कायद्यात गांजा म्हणजे झाडाचे फुला-फळांचे शेंडे. नुसता पाला आणि बिया त्यात धरत नाहीत. वकीलसाहेबांनी हा मुद्दा मांडलाही. उत्तर आलं, तो पुराव्याचा भाग आहे, खटल्यात बघू.

आता खटला कधी, ते विचारू नका.

व्यापारी प्रमाण म्हटलं की किमान 10 वर्षांची शिक्षा आणि त्यासोबत कलम 37. आरोपी दोषी नाही असं मानायला सबळ कारण आहे आणि तो बाहेर जाऊन पुन्हा गुन्हा करणार नाही, या दोन्ही गोष्टी कोर्टाला पटल्या तरच जामीन. साक्षीपुरावा व्हायच्या आधीच निर्दोष ठरायचं, ते कसं, हे मला कुणी सांगू शकलं नाही.

सुरुवातीला आम्ही दिवस मोजले. इतर गुन्ह्यांत 60 किंवा 90 दिवसांत चार्जशीट आली नाही तर जामिनाचा हक्क मिळतो. इथे ती मुदत 180 दिवस, आणि सरकारी वकिलांनी कारण देऊन मागितली तर वर्षापर्यंत वाढते. आमची चार्जशीट 174 व्या दिवशी आली. आई त्या दिवशी जेवली नाही.

जून 2021 मध्ये सेशन कोर्टानं जामीन फेटाळला. मग कुणीतरी एक नावाजलेले वकील सुचवले. "जप्त मालाचे नमुने घेताना त्यासाठीचं कलम 52अ पाळलेलं नाही, एका तारखेत सोडवतो," म्हणाले. फी ऐकून आईनं पाटल्या काढल्या. ऑगस्ट 2022 मध्ये उच्च न्यायालयात न्यायमूर्तींचा कल दिसताच या वकिलांनी अर्ज मागे घेतला आणि खटला नऊ महिन्यांत संपवण्याचा आदेश तेवढा मागून घेतला. मी बाहेर बाकावर बसून रडले. तोच कागद पुढे कामी येणार होता, हे तेव्हा कळलं नाही. 52अ वर विसंबणाऱ्यांसाठी एवढंच सांगते, की ते कलम पाळलं नाही एवढ्यावरून जामीन मिळत नाही, असं सुप्रीम कोर्टानं डिसेंबर 2024 मध्ये स्पष्टच सांगितलंय.

मी पतसंस्थेची पिग्मी गोळा करते. रोज दुकानोदुकानी फिरायचं, दहा-वीस-पन्नास रुपयांची नोंद करायची. त्यामुळे लिहून ठेवायची सवय अंगातच. डायरीच्या मागच्या पानांवर मी भावाच्या तारखा लिहीत गेले. ई-कोर्ट्स ॲपवर केसचा ओळख क्रमांक, म्हणजे 16 अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर टाकला की पुढची तारीख दिसते, पण आज काम का झालं नाही ते बेलिफ नाहीतर शिरस्तेदारांना विचारावं लागतं. माझ्या नोंदी अशा: "कैदी पार्टी (कैद्यांसोबतचे पोलीस) नाही, आणलं नाही." "व्हीसी (व्हिडिओ कॉन्फरन्स) लागली नाही." "साहेब रजेवर." "पंचाचा पत्ता सापडत नाही, समन्स परत." "मुद्देमाल आणला नाही." चार्ज फ्रेम, म्हणजे आरोपनिश्चिती व्हायलाच जानेवारी 2022 उजाडला होता. यादीत 14 साक्षीदार. त्यातला एक पंच आला, सरतपास झाला, उलटतपास अर्धवट राहिला.

2023 च्या दिवाळीआधी विधी सेवा प्राधिकरणाकडून एक तरुण वकीलबाई मिळाल्या. फी नाही. त्यांनी डायरी उलटीपालटी करून पाहिली आणि म्हणाल्या, "ताई, हे सगळं रोजनाम्यात असेल. नकला काढा." रोजनामा म्हणजे कोर्टाची त्या-त्या तारखेच्या कामाची नोंद. नक्कल विभागात अर्ज दिला, फी भरली, तीन आठवडे चकरा मारल्या. मग टेबलावर पानं पसरून आम्ही दोघींनी हिशेब केला. नऊ महिन्यांची मुदत केव्हाच उलटली होती. एकूण 41 तारखा. त्यात 17 वेळा भावाला आणलंच नव्हतं. आणि 5 तारखा आमच्याच आधीच्या वकिलांनी मागून घेतलेल्या! मी त्या झाकायला बघत होते. बाई म्हणाल्या, "त्या आपणच आधी सांगायच्या. सरकारी पक्षाच्या 'से'मध्ये, म्हणजे लेखी उत्तरात, त्या येणारच आहेत." उशीर आरोपीमुळे झाला असेल तर उशिराचा मुद्दाच कोसळतो.

अर्जात त्यांनी गांजाच्या वजनाला एकच परिच्छेद दिला. बाकी सगळा भर घटनेच्या कलम 21 वर, म्हणजे जगण्याच्या आणि स्वातंत्र्याच्या हक्कावर. मार्च 2023 चा मोहम्मद मुस्लिम खटला: सात वर्षांहून जास्त काळ आत असलेल्या तरुणाला सुप्रीम कोर्टानं जामीन दिला, आणि खटला विनाकारण रखडला तर कलम 37 आड येत नाही असं म्हटलं. त्याच जुलैत ओडिशातल्या रबी प्रकाशच्या गांजाच्या केसमध्ये साडेतीन वर्षांच्या कैदेनंतर तेच. आमच्या जुन्या वकिलांना पाच वर्षांच्या कैदेनंतर जामीन देणारा सुप्रीम कोर्टाचा 1994 चा निकाल तेवढा पाठ होता, "पाच वर्षं होऊ द्या, मग बघू" म्हणायचे.

फेब्रुवारी 2024 मध्ये उच्च न्यायालयात सुनावणी दहा मिनिटं चालली. न्यायमूर्तींनी नकला चाळल्या आणि सरकारी वकिलांना विचारलं, "उरलेले 13 साक्षीदार किती दिवसांत तपासणार?" त्यांनी मागे बसलेल्या पोलीस अंमलदाराकडे बघितलं. तो फाईलकडे बघत होता.

50,000 रुपयांचा जातमुचलका आणि तेवढ्याच रकमेचा एक जामीनदार, अशी अट पडली. मामांचा सात-बारा होता, पण ऐपतीच्या दाखल्यासाठी तहसीलला पाच चकरा झाल्या. आदेश हातात असताना भाऊ आणखी 12 दिवस आत राहिला. हे आधी माहीत असतं तर दाखला सुनावणीआधीच काढून ठेवला असता. जामीन मिळूनही सात दिवसांत कैदी सुटला नाही तर तुरुंग अधीक्षकांनी विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं, अशी सुप्रीम कोर्टाची 2023 ची सूचना आहे. आम्हाला ती नंतर समजली.

तीन वर्षं पाच महिन्यांनी तो गेटबाहेर आला तेव्हा हातात प्लास्टिकची पिशवी, आत दोन शर्ट आणि माझी मनिऑर्डरची पावती. रिक्षात बसल्यावर त्यानं पहिलं विचारलं, "ताई, पाटल्या कुठायत?"

दर सोमवारी तो पोलीस ठाण्यात हजेरीची सही करून येतो. गाडीवर मात्र चढत नाही, बाजार समितीत हमाली करतो. खटला चालूच आहे. दुसऱ्या पंचाला पुन्हा समन्स काढलंय, पुढची तारीख 14 ची. डायरीत लिहिलीय.