गोळी घेतली का, हे विचारायचं राहिलं

केदारनाथच्या वरच्या चोराबारी तालाचा, म्हणजे तिथल्या रिकाम्या झालेल्या तलावाचा, तळ सपाट आहे. तो सपाट नसता तर त्या दिवशी मला काही कळलं नसतं, ही गोष्ट पाच महिने झाले तरी डोक्यातून जात नाही.

दरवर्षी ऑक्टोबरच्या पहिल्या आठवड्यात मी सोलापुरातून केदारनाथला एक गट घेऊन जातो. दर्शनानंतर एक दिवस जादा ठेवलेला असतो, मंदिरामागं चोराबारी हिमनदीपर्यंत चालत जाऊन यायचा. अंतर ऐकून लोकांना ते संभाजी तलावाच्या फेरीसारखं वाटतं, कारण एका बाजूनं जेमतेम तीन-साडेतीन किलोमीटर भरतं. पण मंदिर ३,५८३ मीटरवर आहे आणि तालाचा तळ ३,९०० मीटरच्या आसपास. आपलं सोलापूर साडेचारशे मीटरवर. ताल गाठेपर्यंत हवेचा दाब समुद्रसपाटीच्या साधारण ६२ टक्क्यांवर आलेला असतो, म्हणजे प्रत्येक श्वासामागे प्राणवायू एक तृतीयांशाहून जास्त कमी. रोजच्या व्यायामानं पाय तयार होतात, या हवेची सवय मात्र वर काढलेल्या रात्रींनीच होते.

म्हणून माझं वेळापत्रक रात्रींवर बेतलेलं असतं. कर्नाटक एक्स्प्रेसनं दिल्ली, तिथून हरिद्वार, मग गुप्तकाशी (१,३१९ मीटर), गौरीकुंड (१,९८२ मीटर), लिंचोलीचे तंबू, आणि केदारनाथला दोन रात्री. चोराबारीची चाल त्यानंतरच्या पहाटे. तीन हजार मीटरच्या वर झोपायची जागा एका रात्रीत पाचशे मीटरपेक्षा जास्त चढवायची नाही, हा डोंगरातला जुना आणि जगभर मानला जाणारा नियम आहे. गौरीकुंडाहून एका दमात केदारनाथ गाठून तिथंच झोपणारे तो मोडतात. हेलिकॉप्टरनं येणारे तो पंधरा मिनिटांच्या आत मोडतात. ‘दोन दिवसांत केदारनाथ’ अशा जाहिराती करणारे हे सांगत नाहीत, आणि मला त्याचा मनापासून राग आहे.

आमचे तेराजण होते. अकरा चालत आले. अण्णा आणि वहिनी शेरसीहून हेलिकॉप्टरनं येणार होते. अण्णा चोपन्न वर्षांचे, टॉवेलचा कारखाना, दिवाळीच्या तोंडावर मोठी ऑर्डर. त्यांना जास्त दिवस निघता येत नव्हतं. केदारनाथला दोन रात्री पूर्ण विश्रांती घ्यायची, या अटीवर मी हो म्हटलं होतं. पण ढग उतरले, त्या दिवसाची उड्डाणं रद्द झाली आणि दोघं एक दिवस उशिरा पोचले. दोन रात्रींची एकच रात्र राहिली. अट मोडली तिथंच मी त्यांना चोराबारीसाठी नाही म्हणायला हवं होतं. त्याऐवजी सकाळच्या तपासणीवर भरवसा ठेवला.

ती तपासणी अशी असते. पावणेपाचला सगळे एका खोलीत. प्रत्येकाला चार गोष्टी विचारायच्या: डोकेदुखी, मळमळ किंवा भूक नसणं, थकवा, चक्कर. प्रत्येकीला शून्य ते तीन गुण. डोकं दुखत असेल आणि एकूण तीन किंवा जास्त गुण झाले, तर उंचीचा त्रास सुरू झाला असं धरायचं आणि त्या माणसानं खोलीतच थांबायचं. मग बोटाला ऑक्सिमीटर, रक्तातला प्राणवायू टक्क्यांत दाखवणारा. त्या उंचीवर पंच्याऐंशी ते नव्वद हा आकडा चांगल्या माणसाचाही येतो. बोट गार असेल तर आकडा खोटा कमी दिसतो, नखाला रंग असेल तरी गडबड होते, म्हणून आधी हात चोळून गरम करायचे, मिनिटभर थांबायचं आणि मगच वाचायचं. अण्णांचा आधी ८४ आला, हात चोळल्यावर ८७. गटातल्या दोन मावशींचा त्याहून कमी होता आणि त्या ठणठणीत होत्या. एकट्या आकड्यावर मी कुणाला थांबवतही नाही आणि सोडतही नाही.

“अण्णा, डोकं?”

“अजिबात नाही ओ. रात्री थोडं जड होतं, आता एकदम मोकळं.”

मी शून्य लिहिला. वहिनींना रात्री उलटी झाली होती, त्यांनी आपणहून थांबते म्हटलं.

सव्वापाचला डोक्याला दिवे लावून निघालो. लवकर निघण्याची दोन कारणं. ऊन चढलं की गोठलेले दगड सुटतात आणि वरच्या उतारांवरचा बर्फ कोसळायला लागतो. २०२२च्या सप्टेंबर-ऑक्टोबरात याच हिमनदीच्या माथ्यावर हिमकडे कोसळले होते, ते केदारनाथहून लोकांनी पाहिले. दुसरं म्हणजे दुपारपर्यंत दरी ढगांनी भरते आणि दगडांच्या वाटेवर पुढचा माणूस दिसेनासा होतो. म्हणून साडेनऊला असू तिथून परत, हे आदल्या रात्रीच सांगितलेलं असतं.

मंदिरामागं भीमशिलेपाशी सगळे आपोआप थांबतात. २०१३च्या पुरात वाहून आलेला हा दगड मंदिराच्या पाठीशी अडला आणि लोंढा दोन बाजूंना फुटला. तिथून मंदाकिनीच्या पलीकडच्या अंगानं पायवाट चढते. सुरुवातीला गवत, मग दगड. हिमनदीनं वाहून आणून कडेला रचलेला हा दगडमातीचा बांध म्हणजे हिमोढ. आतून तो मुरलेला नसतो. मोठा दगडही पाय ठेवताच डुलतो. पाऊल दगडाच्या मधोमध ठेवायचं, कडेला नाही. चढताना कुणी कुणाच्या बरोबर खाली उभं राहायचं नाही. काठी आधी टेकवायची, मग पाय. आणि गती इतकी कमी की चालता चालता पूर्ण वाक्य बोलता यावं. तासाला दीडशे मीटर चढ, त्याच्या वर नाही. सोलापूरकरांना हे जड जातं. वारीत दिवसाला वीस किलोमीटर चालणारी माणसं सुरुवातीला सुसाट सुटतात आणि पाऊण तासात दगडावर बसतात.

सामानाबद्दल दोन गोष्टी तळमळीनं सांगतो. कृपा करून सोलापुरी चादर अंगावर घेऊन हिमालयात चढू नका. घरात तिच्यासारखी ऊब नाही, पण ती सुती आहे. घामानं किंवा दवानं भिजली की वाळत नाही आणि ओलं सूत अंगातली उष्णता ओढून घेतं. आत घाम शोषून लगेच वाळणारा बनियन, वर लोकर, सगळ्यात वर वारा अडवणारं जाकीट. याउलट कडक भाकरी आणि शेंगाचटणी जरूर आणा. भाकरी महिनाभर टिकते, गारठ्यात ब्रेडसारखी चामट होत नाही, आणि भूक मेलेली असताना चटणीच्या चवीनं दोन घास जास्त जातात. फक्त ती कोरडी आहे, म्हणून माणशी दोन लिटर पाणी पाठीवर हवंच. कापराची पुडी हुंगून नाक मोकळं झाल्यासारखं वाटतं, रक्तातला प्राणवायू त्यानं वाढत नाही. बाजारातले हातात मावणारे ऑक्सिजनचे डबे काही मिनिटांत संपतात. त्यांच्या जिवावर कुणी वर जाऊ नये.

पावणेआठला बांध चढून आत उतरलो. इथं दरवर्षी तीच निराशा बघतो. लोकांनी जुने फोटो पाहिलेले असतात, निळं पाणी आणि त्यात शिखरं. १९४८मध्ये गांधीजींच्या अस्थींचा काही भाग इथं विसर्जित केला, म्हणून याला गांधी सरोवर म्हणतात. पण सरोवर आता नाही. साधारण चारशे मीटर लांब आणि दोनशे मीटर रुंद असलेल्या या तालाला बाहेर पडायला नीट वाट नव्हती. पावसाचं आणि वितळलेल्या बर्फाचं पाणी हिमोढाच्या बांधामागं साठायचं. २०१३च्या १५ आणि १६ जूनला हिमालयाचा अभ्यास करणाऱ्या वाडिया संस्थेच्या इथल्या केंद्रावर ३२५ मिलिमीटर पाऊस मोजला गेला. आपल्याकडे दुष्काळी साली अख्ख्या पावसाळ्यात तेवढा पडतो. १७ जूनला सकाळी पावणेसातच्या सुमारास बांध फुटला आणि काही मिनिटांत ताल रिकामा झाला. खाली काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. आता तिथं वाळू-खड्यांचा मोकळा तळ आहे, एखाद्या कोपऱ्यात डबकं, आणि बांधाला पडलेली ती खिंड. सिद्धेश्वर तलावाच्या काठी वाढलेल्या माणसाला भरलेला तलाव म्हणजे कायमची गोष्ट वाटते. त्या खिंडीत उभं राहिल्यावर आमचे लोक गप्प होतात. हिमनदीही पांढरी दिसत नाही. तिच्यावर दगडांचं करडं पांघरूण असतं, बर्फ दिसतो तो तोंडापाशी तुटलेल्या कड्यात, मळकट निळा.

या सगळ्या बोलण्यात अण्णा मागं एका दगडावर बसले होते. बुटाची नाडी सुटली होती. त्यांनी एक फास केला, दुसरा त्याच्याभोवती फिरवला, आणि बोटांतून सुटला. पुन्हा केला. पुन्हा सुटला. तिसऱ्या वेळी ते नाडीकडे नुसते बघत राहिले. लहानपणापासून यंत्रमागावर तुटलेल्या सुताला न बघता गाठ मारणारा माणूस. आमचा स्थानिक वाटाड्या उखीमठकडचा, बावीस वर्षं या वाटेवर आहे. त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि हळू आवाजात म्हणाला, “सर, इनको चलाके देखो।”

चढताना अण्णा दोनदा अडखळले होते. पण हिमोढावर सगळेच अडखळतात, मीही. म्हणून कळलं नाही. आता पायाखाली सपाट वाळू होती. काठीनं दहा पावलांची रेघ ओढली. पाठपिशवी उतरवली, काठ्या बाजूला. आधी मी चाललो, मग एक मावशी, म्हणजे त्या जमिनीवर धडधाकट माणूस कसा चालतो ते समोर राहतं. टाचेला अंगठा लावून, सरळ, वळून परत. मग अण्णा. दुसऱ्या पावलाला डावीकडे गेले, चौथ्याला हात पसरले, सहाव्याला वाटाड्यानं धरलं नसतं तर पडले असते. आणि ते हसून म्हणाले, “वाळू मऊ आहे.”

उंचीच्या त्रासात मेंदूला सूज यायला लागली की तोल आधी जातो. अशा वेळी विश्रांती, चहा, थोडं थांबून बघू, हे काही करायचं नसतं. ताबडतोब खाली उतरवायचं. माझ्या पेटीत डेक्सामेथासोन हे सूज उतरवणारं औषध असतं, सोलापुरातल्या डॉक्टरांनी कधी आणि किती ते लिहून दिलेलं. आठ मिलिग्रॅम दिलं आणि वेळ हातावर लिहिली. गोळीनं उतरायला सवड मिळते, उतरण्याची गरज संपत नाही. गट फोडला. वाटाड्या आणि माझा सहायक दहाजणांना घेऊन थांबले, हिमनदीच्या तोंडाकडं दुरूनच बघायचं आणि नऊला निघायचं, या बोलीवर. मी आणि आमचा हमाल अण्णांना दोन्ही काखांत धरून उतरलो. चढायला अडीच तास लागले होते, उतरायला पावणेदोन.

केदारनाथच्या दवाखान्यात प्राणवायू लावला. नोंदणीचा कागद शोधायला त्यांच्या स्वेटरच्या खिशात हात घातला तर गोळ्यांची पट्टी हाती आली. पॅरासिटामॉल ६५०. दहापैकी तीन घरं रिकामी, चांदी फाटलेली. वहिनी शेजारी होत्या. म्हणाल्या, “रात्री दोन गोळ्या घेतल्या आणि पहाटे चारला एक. मीच दिली. डोकं फुटतंय म्हणत होते.”

म्हणजे पावणेपाचला अण्णा खोटं बोलले नव्हते. गोळीनं डोकं खरंच उतरलं होतं. माझ्या तपासणीचा पहिला खांब डोकेदुखी, आणि तोच गोळीनं काढून घेतला होता. बाकी तीन प्रश्नांना ते ‘थोडा थकवा’ एवढंच म्हणाले होते. गुण एक. कागदावर तो माणूस चोराबारीला जायला पात्र होता. मी अठरा वर्षं तेच चार प्रश्न विचारतोय, आणि “गोळी घेतली का” हा त्यात नव्हता.

त्यानंतरचं सांगायला थोडं आहे. ढग आले, हेलिकॉप्टर बंद. तोल गेलेल्या माणसाला खेचरावर बसवायचं नाही, उताराला तो पुढे घरंगळतो. दांडी ठरवली, म्हणजे खांद्यावरून वाहून न्यायची खुर्ची, चार वाहक, सोबत दवाखान्यातून मिळालेलं छोटं सिलिंडर. दर सहा तासांनी त्याच औषधाचे चार मिलिग्रॅम. लिंचोलीच्या खाली अण्णा स्वतःहून पाणी मागायला लागले. भीमबलीला कारखान्यात फोन लावा म्हणाले. रात्री साडेआठला गौरीकुंड. दुसऱ्या सकाळी गुप्तकाशीत मी पुन्हा रेघ ओढली आणि ते तिच्यावरून सरळ चालले. तेव्हाच त्यांनी मला सांगितलं, “तुम्ही दुखतंय का विचारलं. गोळीचं विचारलं असतं तर सांगितलं असतं ओ.” त्यात तक्रार नव्हती, म्हणूनच ते जास्त लागलं.

आता माझ्या कागदावर पाचवा प्रश्न आहे, आणि तो सगळ्यात आधी विचारतो: गेल्या बारा तासांत कुठली गोळी घेतली. नवरा-बायको असतील तर दोघांना वेगवेगळं विचारतो, कारण गोळ्यांची पिशवी बहुतेक घरांत बायकोकडं असते. पट्ट्या टेबलावर ठेवायला सांगतो आणि रिकामी घरं मोजतो. रेघेवरची चाल सकाळी मंदिराच्या फरसबंदीवरच घेतो, वर जाईपर्यंत थांबत नाही. आणि हेलिकॉप्टरनं आलेल्यांना चोराबारी नाही, कितीही ओळखीचे असोत.

गेल्या आठवड्यात अण्णांचा फोन आला होता. यंदा पुन्हा यायचंय, हिमनदीचं तोंड बघायचं राहिलंय म्हणाले. मी म्हटलं, गौरीकुंडापासून चालत या, लिंचोलीला झोपा. कारखान्याचं बघून सांगतो म्हणाले. अजून कळवलेलं नाही.