योलांता दिलेवस्का: अंधारात कॅमेरा धरणारी बाई

दुसऱ्या महायुद्धात वॉर्सा पार उद्ध्वस्त झालं, त्यामुळे पोलंडचा सिनेमा वूच शहरात जमला आणि 1948 मध्ये तिथे फिल्म स्कूल निघालं. तिथूनच पुढे योलांता दिलेवस्का शिकून बाहेर पडली, पण कॅमेरामन म्हटलं की लोकांच्या डोक्यात अजूनही पुरुषच येतो, काय करणार!

तिचं 2011 चं ‘इन डार्कनेस’ बघाच. आन्येश्का होलांड दिग्दर्शिका, नाझींच्या काळातलं ल्वूव शहर (आता युक्रेनमधलं ल्विव्ह), गटारात लपलेली ज्यू माणसं. उजेड म्हणजे बॅटरीचा झोत, तो फिरला की एखादा ओला गाल, एखादा डोळा दिसतो आणि बाकी सगळं काळं, आणि तरी कोण कुठे आहे हे बरोबर कळतं. ही खरी कमाल. ऑस्कर नॉमिनेशन मिळालं त्या सिनेमाला.

त्याआधी 2008 च्या ‘तुल्पान’मध्ये तीच बाई कझाकस्तानच्या धुळीच्या माळरानावर होती, मेंढीच्या बाळंतपणाचा तो लांबलचक शॉट मला तरी सोडत नाही, कट नाही काही नाही, नुसतं श्वास रोखून बघायचं.

स्वतः डॉक्युमेंटरीही करते ती. ‘पो-लिन’मध्ये युद्धाआधीच्या ज्यू वस्त्यांचं हौशी लोकांनी काढलेलं जुनं फुटेज आहे.