मिरगाच्या रात्री काजूला सुरंगी

मे महिन्यात कोकणात जाणाऱ्यांची मला दया येते. घाम, गर्दी आणि आंब्याच्या पेटीवरून घासाघीस. मी जूनमध्ये जाते. वीज जाते, कपडे वाळत नाहीत, पण घरगुती खोल्या रिकाम्या असतात आणि शेजारच्या खोलीत कोणी मोठ्याने गाणी लावत नाही. यंदा तेवढंही नशिबात नव्हतं.

कुडाळला उतरून एसटीने वेंगुर्ला. डच वखारीच्या पडक्या भिंती, शिरोडा, रेडीचा गणपती, सगळं उकाड्यात उरकलं. सांगण्यासारखं काही नाही. लिहायचंय ते एका रात्रीबद्दल, आणि गावाचं नाव देणार नाही. यजमानांनी हात जोडून तेवढंच मागितलंय.

7-8 जूनला मृग लागतो. या बाजूला मिरगाला कोंबडा शिजतो, हे सगळ्यांना ठाऊक आहे. या गावात त्या पहिल्या पावसाच्या रात्री झाडंही फिरतात. ज्या जागी आधी जे झाड होतं, ते रात्रभर परत येतं. फिरतात ती फक्त माणसाच्या हातची झाडं. टेकडीवरच्या देवराईचं पानही बदलत नाही.

"त्येच्यात बघण्यासारख्या काय आसा?" काकी वडे तळता तळता म्हणाल्या. "फिरतत आणि सकाळी सरळ होतत."

जेवणं झाली, वीज गेली आणि मागच्या उतारावर सुरू झालं. काजूच्या बुटक्या, जमिनीकडे लवलेल्या फांद्या सरळ होत वर गेल्या. गोल पानं लांबट, जाड, काळपट हिरवी झाली. मग पानांच्या मागे, थेट फांद्यांच्या सालीवर सुरंगीच्या कळ्या धरल्या. सुरंगीचा हंगाम शिमग्याच्या आगेमागे असतो. भर पावसात, ओल्या मातीच्या वासावर चढलेला तो वास मी आधी कधी घेतला नव्हता. अंगावर काटा आला. बाजूची हापूसची कलमं ऐन आणि किंजळ झाली होती. त्यांच्याकडे कोणी बघितलंही नाही. ऐनाला कोण विचारतो?

शेजारच्या खोल्यांतली मंडळी मात्र प्रखर दिवे आणि तिपाया घेऊन उतरली. "दादा, हे किती वाजेपर्यंत चालू असतं?" फोटो अगदी स्वच्छ आले, आणि गंमत तीच झाली. सुरंगीच्या झाडाचा फोटो सुरंगीच्या झाडासारखाच दिसतो. घरच्यांना पाठवला तर उत्तर आलं, "छान. कुठलं झाड?" मग त्यांनी यजमानांना विचारलं, यापेक्षा काही वेगळं होत नाही का? चालता चालता झाडाचं माणूस वगैरे? मला इतकी लाज वाटली की मी पडवीत जाऊन बसले.

तिथे आजी बॅटरी शोधत होत्या. मग टोपली काढली, पदर खोचला आणि उतारावर गेल्या. त्यांच्या हाताला लागेल तेवढ्याच फांद्या, पण हात असा चालत होता की मला नीट दिसेना. मी एक उमललेलं फूल पुढे केलं.

"ता नको गो. कळी होयी."

कळी उमलायच्या आत काढायची, उजाडायच्या आत गुंफायची, वेंगुर्ल्याच्या बाजारात पोचवायची. सून म्हणून आल्यापासून त्यांनी तेच केलं होतं. 1990 साली रोजगार हमीतून फळबागेची योजना आली. अनुदान मिळत होतं, वेंगुर्ल्याच्याच संशोधन केंद्रातली काजूची कलमं होती. सासऱ्यांनी उतार साफ केला. यात वाईट काहीच नव्हतं, घर त्याच काजूवर उभं आहे. आजीही तक्रार करत नव्हत्या. त्या वळेसर, म्हणजे गजरे, गुंफत होत्या, कारण कळ्या समोर होत्या. एक सुनेला दिला, एक मला. फोटोवाल्यांपैकी एकीने पैसे विचारले, तर म्हणाल्या, "फाटे काजयीचो पालो होतलो, तेचे कसले पैसे?"

झालंही तसंच. उशीवर काजूच्या पानांचे चुरगळलेले तुकडे होते.

घावणे खाताना मी त्यांच्या मुलाला म्हटलं, दादा, गोठ्यामागे जागा आहे, दोन सुरंगी लावा की. शहरातून आलेल्या माणसाला असले सल्ले फार सुचतात.

"काजू तिसऱ्या वर्साक धरता," तो म्हणाला. "सुरंगेक फुलां येयसर मी म्हातारो होतलंय." आणि उतारावर आता खोल्या बांधायच्यात. खालचे काजू दिवाळीनंतर जातील. सगळ्यांना वातानुकूलित लागतं, मागच्या खेपेच्या लोकांनी तशी तक्रारच केली होती.

"मग मिरगाला?"

"सिमेट काय फिरणा नाय."

आतून आजी टोपली कोणी हलवली म्हणून ओरडत होत्या. तो वही घेऊन आला. काम सुरू व्हायच्या आधी येणार असाल तर भाडं कमी लावू, म्हणाला. झाडं तोडण्याबद्दल दोन शब्द सुनवायचे असं मी मनात ठरवलं होतं. ते राहिलं. मी भाडं किती ते विचारलं आणि दिवाळीच्या आधीची तारीख देऊन टाकली.