एवढा चांगला होता, तर एनबीएत का नव्हता?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहितो. युरोपात गाजलेला अमेरिकन बास्केटबॉलपटू काइल हाइन्स, त्याचं नाव माझ्या तोंडून निघालं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो: "एवढा भारी होता म्हणता, मग एनबीएत, अमेरिकेच्या त्या सगळ्यात मोठ्या लीगमध्ये, का नाही खेळला?" रविवारी मुलांना बास्केटबॉल शिकवतो तिथे पालक विचारतात, ऑफिसात पहाटे उठून एनबीए बघणारी मंडळी विचारतात. विचारण्यात थोडा संशयही असतो, की कुठल्यातरी दुय्यम गड्याला हा माणूस उगाच डोक्यावर घेऊन नाचतोय.

एका वाक्यात सांगायचं तर उंची आणि जागा जुळली नाही. पण एवढ्यावर कुणाचं समाधान होत नाही.

हाइन्स १९८६ चा, न्यू जर्सीचा. कॉलेज नॉर्थ कॅरोलायनातलं ग्रीन्सबरो, म्हणजे ज्या विद्यापीठांचे सामने टीव्हीवर सतत दिसतात त्यांतलं नव्हे. चार वर्षांत त्याने २,००० गुण, १,००० रिबाउंड (हुकलेल्या फटक्यानंतर पटकावलेले चेंडू) आणि ३०० ब्लॉक (अडवलेले फटके) हे तिन्ही टप्पे ओलांडले. ही यादी फार छोटी आहे आणि तिच्यात डेव्हिड रॉबिन्सन, अलोन्झो मॉर्निंग, टिम डंकन बसलेले आहेत. फरक इतकाच, की ते सगळे सात फुटांच्या आसपासचे आणि हाइन्स साडेसहा फुटांचा. बास्केटखाली खेळणारा, लांबून नेम न मारणारा सेंटर आणि उंची साडेसहा फूट, हे २००८ साली एनबीएच्या कुठल्याच चौकटीत बसत नव्हतं.

चौकट किती अरुंद, तेही बघा. तेव्हा ३० संघ, प्रत्येकी १५ जण, म्हणजे सगळ्या मिळून ४५० जागा, आणि त्यातल्या बहुतेक आधीच भरलेल्या. दरवर्षीच्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे संघ आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्यात, ६० नावं पुकारली जायची. २००८ च्या साठांत हाइन्स नव्हता. त्याच ड्राफ्टमध्ये सहाव्या क्रमांकावर मिलानचा दानिलो गॅलिनारी न्यूयॉर्कला गेला. हाइन्स उलट दिशेने इटलीत आला, पण मिलानला नाही, वेरोलीला.

वेरोली हे रोमच्या आग्नेयेला, फ्रोझिनोने प्रांतातलं डोंगरावरचं गाव. संघ इटलीच्या दुसऱ्या श्रेणीतला. इथे माझे बरेच श्रोते मान हलवतात: बघा, दुसरी श्रेणी! त्यांना मी विनू मंकडांची आठवण करून देतो. लँकशायर लीगमध्ये प्रत्येक क्लबला एकच व्यावसायिक खेळाडू घेता यायचा. बाकीचे दिवसभर गिरणीत नाहीतर दुकानात राबून शनिवारी मैदानात उतरणारे. मंकड हॅसलिंग्डनकडून खेळायचे. १९५२ मध्ये भारताला कसोटीसाठी ते हवे झाले तेव्हा त्यांना त्या क्लबकडून सोडवून आणावं लागलं, आणि मग त्यांनी लॉर्ड्सवर ७२ आणि १८४ केले. मंकड लँकशायरमध्ये होते म्हणून त्यांना कुणी दुय्यम म्हटलं नाही. परदेशातला बास्केटबॉलपटूही असाच, क्लबच्या मोजक्या परदेशी जागांपैकी एक अडवून बसलेला. म्हणून त्याच्याकडून अपेक्षाही तशीच: स्थानिक पोरगा चार सामने अपयशी ठरला तर प्रशिक्षक समजावतो, अमेरिकन ठरला तर एजंटला फोन जातो.

करार बहुधा एक-दोन वर्षांचा. रक्कम बहुतेक वेळा कर वजा जाऊन हातात पडणारी, शिवाय फ्लॅट, गाडी आणि घरी जायची विमान तिकिटं. ऐकायला झकास. पण पगार वेळेवर येईलच असं नाही. मधल्या काळात हे इतकं वाढलं होतं, की फिबाने, म्हणजे बास्केटबॉलच्या जागतिक महासंघाने, २००७ मध्ये जिनिव्हात खास लवाद बसवला. आज तो बीएटी (बास्केटबॉल आर्बिट्रल ट्रिब्युनल) या नावाने ओळखला जातो. करारात तसं कलम असेल तर खेळाडू थेट तिथे जातो. बहुतेकदा एकच लवाद प्रकरण ऐकतो आणि एखाद्या देशाच्या कायद्यात न अडकता न्याय्य वाटेल तसा निकाल देतो. क्लबने तरीही पैसे दिले नाहीत तर फिबा त्याला नवे परदेशी खेळाडू घ्यायला बंदी करू शकते. क्लबला झोंबतं ते हेच. आपल्याकडे खेळाडूंच्या मानधनाच्या थकबाकीवर एवढी चर्चा होते, पण ही यंत्रणा क्वचितच कुणाला ठाऊक असते.

वेरोलीत दोन मोसम, मग जर्मनीत बाम्बर्ग. तिथे लीग आणि कप दोन्ही जिंकून हाइन्स निघाला आणि पुढच्याच मोसमात बाम्बर्गने पी. जे. टकरला आणलं. टकरचं नाव मुद्दाम घेतोय. तो हाइन्सपेक्षाही किंचित बुटका. एनबीएतल्या टोरांटोने २००६ मध्ये निवडला, पहिल्याच मोसमात सोडून दिला, मग इस्रायल, युक्रेन, ग्रीस, इटली, जर्मनी अशी वणवण. २०१२ मध्ये तो एनबीएत परतला, ह्यूस्टनकडून चक्क सेंटर म्हणून खेळला आणि २०२१ मध्ये मिलवॉकीबरोबर विजेतेपदही घेऊन गेला. म्हणजे साडेसहा फुटी सेंटर चालतो हे एनबीएला कळलं, पण दहा वर्षं उशिरा. टकरने मधल्या काळात कोपऱ्यातून तीन गुणांचा नेम पक्का केला होता, हेही खरं. हाइन्सने तो कधी केला नाही. दोष द्यायचाच तर इथे द्या, मी आड येणार नाही.

२०११ मध्ये हाइन्स ग्रीसच्या ऑलिम्पियाकोस क्लबला गेला. ग्रीस कर्जात बुडालेला, क्लबने खर्चाला कात्री लावलेली, मोठी नावं निघून गेलेली; मिलोश तेओदोसिच तर थेट सीएसकेए मॉस्को या रशियन क्लबला. मे २०१२ मध्ये इस्तंबूलला युरोलीगची, म्हणजे युरोपातल्या अव्वल क्लबांच्या स्पर्धेची, अंतिम लढत याच सीएसकेएशी. त्यांच्याकडे तेओदोसिच, एनबीएतून आलेला आंद्रे किरिलेंको आणि भरलेली तिजोरी. तिसऱ्या क्वार्टरमध्ये ऑलिम्पियाकोस १९ गुणांनी मागे. ४० मिनिटांच्या, अंगाला अंग भिडवून खेळल्या जाणाऱ्या युरोपियन सामन्यात १९ म्हणजे संपलंच. पण प्रशिक्षक दुशान इव्हकोविच यांनी बचाव आवळला आणि सीएसकेएचा हात आखडला. शेवटी सीएसकेए ६१-६० असं पुढे असताना त्यांच्या शिश्काउस्कासने दोन्ही फ्री थ्रो घालवले. चेंडू ऑलिम्पियाकोसच्या स्पानूलिसकडे, तो आत घुसला, दोघे अंगावर येताच त्याने साथीदार प्रिंटेझिसला पास दिला, आणि प्रिंटेझिसचा तरंगता फटका ०.७ सेकंद उरलेले असताना आत. ६२-६१. पुढच्या वर्षी लंडनला उपांत्य फेरीत पुन्हा सीएसकेएला ६९-५२ असं झोपवलं आणि अंतिम सामन्यात रेयाल माद्रिदला १००-८८.

दोनदा मार खाल्ल्यावर सीएसकेएने काय केलं? हाइन्सलाच आपल्याकडे घेतलं. मला तरी ही एनबीएच्या बोलावण्याइतकीच मोठी पावती वाटते.

मॉस्कोत तो सात मोसम राहिला. २०१६ आणि २०१९ ची युरोलीग तिथली. तो नेमकं काय करायचा ते एकदा नीट बघायला हवं. युरोपातल्या नियमांत बचाव करणाऱ्याला बास्केटखाली तीन सेकंदांपेक्षा जास्त उभं राहायला बंदी नाही. एनबीएत आहे. त्यामुळे युरोपात उंच सेंटर आत तळ ठोकून बसतात, आणि त्यांना बाहेर ओढण्यासाठी आक्रमण पिक अँड रोलवर पिक अँड रोल लावतं, म्हणजे एक साथीदार बचाव करणाऱ्याच्या वाटेत उभा राहतो आणि मग बास्केटकडे वळतो. सात फुटी माणूस बाहेर ओढला गेला की चेंडू खेळवणारा चपळ गार्ड त्याला चकवून जातो. हाइन्स मात्र बेधडक स्विच करायचा, म्हणजे आपला माणूस साथीदाराकडे सोपवून त्याचा स्वतः घ्यायचा, आणि गार्डच्या पुढ्यात तसाच उभा राहायचा, गुडघे वाकवून, छाती समोर, हात पसरून. पुढच्या खेपेला आत रेयालचा २.२० मीटरचा वॉल्टर टावारेस असला तरी त्याच्या कमरेला खांदा लावून त्याला जागेवरून हलवायचा. तीनदा तो युरोलीगचा सर्वोत्तम बचावपटू ठरला. रेयालच्या फेलिपे रेयेसला मागे टाकून स्पर्धेतल्या सर्वाधिक रिबाउंडचा विक्रमही त्याने केला, आणि तोही ज्या उंचीसाठी त्याला नाकारलं तिच्यासकट!

बायकांच्या बास्केटबॉलमध्ये तर तुमचा प्रश्नच उलटा होतो. तिथे अमेरिकेतल्या अव्वल खेळाडूच कित्येक वर्षं हिवाळ्यात परदेशी जात आल्या, कारण खरा पैसा तिकडे होता. डायना टॉरासीने २०१५ चा डब्ल्यूएनबीएचा (बायकांच्या एनबीएचा) अख्खा मोसम सोडला, कारण रशियातल्या येकातेरिनबुर्गच्या क्लबने तिला विश्रांती घेण्याचेच पैसे दिले. त्याच क्लबकडे परतताना ब्रिटनी ग्राइनर फेब्रुवारी २०२२ मध्ये मॉस्कोच्या विमानतळावर पकडली गेली आणि डिसेंबरमध्ये कैद्यांच्या अदलाबदलीत सुटली. २०२२ च्याच वसंतात युरोलीगने रशियन क्लबांना बाहेर काढलं आणि तिथले बरेच अमेरिकन खेळाडू सामान आवरून निघाले. हाइन्स त्याआधीच, २०२० मध्ये, प्रशिक्षक एत्तोरे मेसिना यांच्याकडे मिलानला गेला होता. बारा वर्षांपूर्वी गॅलिनारी जिथून निघाला, त्याच क्लबात.

तिथे त्याने २०२२, २०२३ आणि २०२४ अशी सलग तीन वर्षं इटलीची लीग जिंकली. शेवटची जिंकली तेव्हा तो ३७ वर्षांचा होता, आणि मग त्याने खेळणं थांबवलं.

पालकांना मी हल्ली उलट प्रश्न टाकतो. २००८ च्या ड्राफ्टमधली साठ नावं सांगा. डेरिक रोझ, वेस्टब्रुक, केव्हिन लव्ह इथवर सगळे भराभर येतात. आठव्या-नवव्या नावाला गाडी अडते, आणि कुणीतरी खिशातून मोबाइल काढतं.