बंबारा म्हणजे स्वाहिलीचीच बहीण का?

बंबारा शिकतेय असं सांगितलं की पुढचा प्रश्न ठरलेला: "म्हणजे स्वाहिलीसारखीच ना?" तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून एकदा सविस्तर लिहिते. प्रश्न साहजिकच आहे. गोव्यातून आणि गुजरातेतून माणसं गेली ती मोंबासा-नैरोबीकडे, त्यामुळे आफ्रिकेची म्हणून आपल्या कानावर पडलेली भाषा स्वाहिलीच. बंबारा खंडाच्या पार दुसऱ्या बाजूची, मालीची. राजधानी बामाकोच्या बाजारात तीच ऐकू येते. फ्रेंच ही शाळा-कचेऱ्यांची भाषा, २०२३च्या संविधानाने तर तिला नुसती कामकाजाची भाषा ठरवलं आणि राजभाषेचा मान बंबारासह १३ देशी भाषांना दिला.

बंबारा ही मांडे गटातली. या गटात साधारण ६०-७० भाषा आहेत. गांबिया-सेनेगलची मांडिंका, गिनीची मानिंका, आयव्हरी कोस्ट आणि बुर्किना फासोमधली जुला या बंबाराच्या सख्ख्या बहिणी. तेराव्या शतकात सुंदियाता कैताने उभारलेलं माली साम्राज्य आणि त्यानंतरचे सोनं, कोला बियांचे व्यापारी यांनी त्या दूरवर नेल्या. सोनिंके त्याहून जुन्या घाना साम्राज्याची. किनाऱ्याकडे गिनीची राजधानी कोनाक्रीच्या आसपास सुसू, सिएरा लिओनच्या दक्षिणेत मेंडे, लायबेरियात क्पेले. तिथलीच वाई भाषा एकोणिसाव्या शतकापासून स्वतःच्या लिपीत लिहिली जाते.

मला सगळ्यात नवल वाटतं ते पूर्वेकडच्या तुकड्यांचं. बेनिन-नायजेरियाच्या सीमेवर बुसा आणि बोको या मांडे भाषा बोलल्या जातात, आणि त्यांच्या न् बामाकोच्या मध्ये शेकडो किलोमीटर दुसऱ्याच कुळांच्या भाषा पसरलेल्या आहेत. बरं, नात्याने त्या बंबाराला जवळच्या नाहीतच. त्यांना जवळची आहे आयव्हरी कोस्टच्या पश्चिमेकडच्या डोंगराळ भागातली दान, जिच्या पूर्वेकडच्या बोलीत सुराच्या, म्हणजे आवाजाच्या चढ-उताराच्या, पाच पायऱ्या असतात. नकाशावर शेजारी ते भाषेत परके आणि दूरचे ते आपले, असा प्रकार.

हे नातं ध्यानात यायला वेळ लागला. कोएले या जर्मन मिशनऱ्याने सिएरा लिओनच्या फ्रीटाउनमध्ये गुलामीतून सोडवलेल्या माणसांना विचारून विचारून दीडशेहून अधिक भाषांचे शब्द उतरवून घेतले आणि १८५४ साली छापले. मांडे भाषा एका गटात पहिल्यांदा नीट दिसल्या त्या तिथे. एकेका शब्दामागे घरादारापासून तोडलेला माणूस आहे, हे विसरून ती यादी मला वाचता येत नाही. पुढे १९०१मध्ये देलाफोस या फ्रेंच अधिकाऱ्याने दहा या आकड्यावरून दोन फळ्या केल्या: दहाला 'तान' म्हणणारे आणि 'फू' म्हणणारे. सुटसुटीत, पण फसवी. त्यामुळे सुसू आणि मेंडे दानच्या पंगतीत जाऊन बसल्या. वेल्मर्स या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने १९५८मध्ये मूलभूत शब्दसंग्रह ताडून पाहिला आणि दोघींना बंबाराच्या बाजूला आणलं. पश्चिम आणि आग्नेय ही मुख्य फूट आजही ढोबळमानाने तीच मानतात.

आता स्वाहिली. ग्रीनबर्ग या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने १९६३मध्ये मांडेला नायजर-काँगो या अवाढव्य कुळात घातलं. स्वाहिली बांटू गटातली, आणि बांटू गटही त्याच कुळातला. तेवढ्यापुरतं तुमचं म्हणणं कागदावर खरं. पण स्वाहिलीचा कणा म्हणजे नामांचे वर्ग. म्तोतो म्हणजे मूल, वातोतो म्हणजे मुलं. किताबू म्हणजे पुस्तक, विताबू म्हणजे पुस्तकं. आणि उपसर्ग बदलला की विशेषण-क्रियापदही सोबत बदलतं. बंबारात यातलं काहीही नाही. अनेकवचनाला शेवटी एक 'उ' लागतो, संपलं. बाकीच्या बहुतेक नायजर-काँगो भाषांत वर्ग झिजले तरी खुणा सापडतात. मांडेत नीटशा खुणाही नाहीत.

वाक्य तर आपल्याच वळणाचं वाटतं. 'न् बे जी मिन': मी, मग चालू काळाचा 'बे', मग पाणी, शेवटी पिणं. 'घरात' म्हणायचं तर 'सो कोनो', आधी घर, मग आत. फक्त हे 'घरात' क्रियापदाच्या नंतर येतं, तिथे मराठी माणूस अडखळतो. अर्थात वाक्यरचनेवरून नाती ठरत असती तर मालीत आपलेही भाऊबंद निघाले असते.

उरतात काही सर्वनामं आणि थोडे मूळ शब्द. डिमेंडालसारख्या अभ्यासकांना ते पुरेसे वाटत नाहीत. ते मांडेला स्वतंत्र कूळ धरतात. मलाही तेच पटतं. नातं नाहीच असं मी म्हणत नाही, पण आधी मांडेचं मूळ रूप शब्दाशब्दाने मांडायला हवं, आणि मगच ते बांटूशी ताडायला हवं. विद्रिन यांच्यासारखे लोक त्या पहिल्या कामात गुंतले आहेत. तोवर कुणी बंबाराचं कूळ विचारलं तर मी 'मांडे' सांगते, आणि स्वाहिली येणाऱ्यांना आधीच बजावते की तिचा इथे काडीचा उपयोग होणार नाही.