आप्पांनी परत पाठवलेलं पाकीट

बँकेचं रजिस्टर पाकीट घेतलं नाही की नोटीस लागूच होत नाही, हा शोध आमच्या अमळनेर-पारोळा पट्ट्यात कुणी लावला देव जाणे. कोर्टाबाहेर माझं टायपिंगचं टेबल आहे, त्यामुळे असले शोध शेवटी माझ्याकडेच येतात. पोस्टमन 'घेण्यास नकार' असा शेरा मारतो आणि कायदा ती नोटीस मिळाली असं धरतो.

आप्पांचंही तेच. सरकीच्या धंद्यासाठी कर्ज, तारण राहतं घर आणि गावाकडचं तीन एकर कापसाचं शेत. "मी नोटीस लिधीच नही ना भाऊ," असं छाती काढून सांगत त्यांनी मोबाइल पुढे केला. फोटो त्यांच्याच दारावर डकवलेल्या ताबा नोटिशीचा. खळ ओली, आणि कागदाच्या कोपऱ्याला तोरणातलं वाळकं पान चिकटलेलं.

बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा म्हणजे 2002 चा सरफेसी. त्यात पहिली नोटीस येते ती कलम 13(2) ची. तिच्यात बाकी भरायला 60 दिवस मिळतात. लोक ते पुढाऱ्यांच्या मागे फिरण्यात घालवतात. खरं तर याच मुदतीत लेखी हरकत दिली, तर ती का मान्य नाही हे बँकेला 15 दिवसांत कारणांसह कळवावं लागतं. खर्च म्हणाल तर टायपिंग आणि पोस्टाचा. आप्पांकडे तर फर्मास हरकत होती! शेतजमिनीवरचं तारण कलम 31 प्रमाणे या कायद्याच्या बाहेर, आणि नोटिशीत शेताचा गट नंबर सरळ घातलेला. मात्र नुसता सातबारा फडकवून भागत नाही, जमीन खरोखर कसली जाते हे दाखवावं लागतं. एनए (बिगरशेती) करून गोडाऊन बांधलेल्यांनी उगाच आशा धरू नये.

पाकीट उघडलं असतं तर हे सगळं दोन पानांत लिहून दिलं असतं.

आप्पांना इथल्याच कोर्टातून स्टे हवा होता. पण कलम 34 ने दिवाणी कोर्टाचं दार बंद केलंय. मग कन्नडचा घाट चढून छत्रपती संभाजीनगरला, डीआरटीत म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणात. ताब्याच्या कारवाईपासून 45 दिवसांच्या आत. पूर्वी तिथे नुसतं ऐकून घ्यायलाही मागणीच्या 75 टक्के रक्कम भरावी लागे. मार्डिया केमिकल्स प्रकरणात 2004 साली सुप्रीम कोर्टाने ती अट उडवली. तिथे हरलात तर मात्र मुंबईच्या अपिलात 50 टक्के भरा, फार तर 25 वर येतं. चाळीस लाखांच्या बाकीवर म्हणजे किमान दहा. (पतसंस्थेचं कर्ज असेल तर वाटच वेगळी, सहकारी संस्था कायद्याच्या कलम 101 चा वसुली दाखला. त्यावर पुन्हा कधीतरी.)

स्टे म्हणजे माफी नव्हे, हे मी प्रत्येकाला सांगतो आणि प्रत्येक जण मान हलवतो. व्याज चालूच राहतं.

आप्पांचं शेत तूर्त कारवाईतून सुटलंय. घराचा लिलाव काही रक्कम भरण्याच्या अटीवर थांबलाय. ती धाकट्या भावाने दिली. आता एकरकमी परतफेडीचा अर्ज टाइप करून ठेवलाय. आकडा मात्र आप्पा एक सांगतात, मुलगा दुसराच सांगतो, आणि दोघे माझ्याच टेबलाशी भांडतात. म्हणून ती जागा कोरी सोडली आहे.